हौजीचा डबा आणि दहावीचं गणित

वडोदऱ्यातल्या जुन्या मराठी घरांच्या माळ्यावर हौजीचा डबा सापडला नाही, असं सहसा होत नाही. कोजागरीला गच्चीवर, मंडळाच्या सहलीत, लग्नघरी मेंदीच्या रात्री हा डबा खाली येतो आणि काम झालं की परत वर जातो. आत १ ते ९० आकड्यांच्या सोंगट्या आणि कोपरे दुमडलेली तिकिटं. आमच्या घरच्या डब्यात सोंगट्या ८९ आहेत. ३७ नंबरची फार पूर्वी हरवली आणि तिच्या जागी आईने कोटाच्या एका बटणावर पेनने ३७ लिहून ठेवलं आहे.

गेल्या पावसाळ्यात हा डबा जवळजवळ दीड महिना आमच्या जेवणाच्या टेबलावर मुक्कामाला होता. त्याची ही हकिगत. गणित म्हटलं की पान उलटणारे वाचक आपल्यात बरेच आहेत हे मला ठाऊक आहे, पण थोडा दम धरा. बेरीज आणि भागाकार यांच्या पलीकडे मी जाणार नाही.

माझी भाची दहावीत आहे. ताईचं घर आमच्यापासून दोन गल्ल्या पलीकडे, त्यामुळे तिचा संध्याकाळचा मुक्काम आजोळीच. सीबीएसईच्या दहावीला २०२० पासून गणिताचे दोन पेपर आहेत, स्टँडर्ड आणि बेसिक. अभ्यासक्रम एकच, पण बेसिकचा पेपर सोपा. कुठला देणार हे बोर्डाचा फॉर्म भरताना सांगायचं असतं. बेसिक घेतलं तर पुढे अकरावीत गणित घेताना अडचण येऊ शकते, आणि भाचीला तर आर्किटेक्ट व्हायचं आहे. चौथीपासून ती वहीच्या मागच्या पानांवर घरांचे नकाशे काढते.

तरीही ती बेसिक घेणार होती. पहिल्या चाचणीत गणिताने दगा दिला होता. क्लासच्या सरांनी 'बेसिक घेऊन टाक, डोक्याला ताप नको' असं सांगितलं होतं. ताईला वाटत होतं, मुलीला उगाच ताण कशाला. भावोजींना वाटत होतं, आत्ताच दार कशाला बंद करायचं. रोज रात्री फोनवर हाच विषय. भाची मात्र शांत होती, आणि मला त्या शांतपणाचीच काळजी वाटली. "मामा, मला गणित येत नाही, एवढंच आहे," असं ती सांगायची, एखाद्याने 'मला पोहता येत नाही' म्हणावं तितक्या सहज.

मी सॉफ्टवेअर इंजिनिअर. एखादा प्रोग्रॅम चालत नसेल तर 'चालत नाही' एवढ्यावर आमच्याकडे कोणी थांबत नाही. नेमकं कुठे अडतंय ते आधी शोधायचं. म्हणून मी तिला म्हटलं, निर्णय तुझा, मी त्यात पडत नाही. फक्त फॉर्म भरेपर्यंत रोज जेवणानंतर अर्धा तास मला दे.

पहिल्या दिवशी तिनेच एक उदाहरण दाखवलं. खोक्यात १ ते ९० आकड्यांच्या चकत्या आहेत. एक न बघता काढली, तर तिच्यावरच्या संख्येला ३ ने भाग जाण्याची संभाव्यता किती? तिने वहीत १ पासून ९० पर्यंत सगळ्या संख्या लिहिल्या होत्या, तिनाच्या पाढ्यातल्या संख्यांभोवती गोल केले होते आणि मोजून २८ आल्या होत्या. उत्तराशी जुळेना. मग परत मोजल्या, तेव्हा २९.

संभाव्यतेचं सूत्र तिला पाठ होतं: हव्या त्या निष्पत्ती भागिले एकूण निष्पत्ती. ते तिला समजतही होतं. ती अडत होती मोजणीपाशी, आणि मोजणी अडत होती विभाज्यतेच्या कसोट्यांपाशी. त्या सहावीत घोकून सातवीत विसरल्या होत्या. 'गणित येत नाही' एवढ्या मोठ्या दगडाखाली दडलेला खडा हा इतकाच होता.

मी माळ्यावरून डबा काढला. सोंगट्या टेबलावर ओतल्या आणि म्हटलं, मोजू नकोस, विचार कर. १ ते ९० मध्ये दर तिसऱ्या संख्येला ३ ने भाग जातो. ९० भागिले ३ म्हणजे ३०. संभाव्यता ३०/९०, म्हणजे १/३. पाचाच्या १८, म्हणून १/५. नवाच्या १०, म्हणून १/९. मग तिने ४ घेतला आणि पटकन 'एक चतुर्थांश' म्हणाली. ९० ला ४ ने भागून बघ, म्हटलं. २२ आणि बाकी २. म्हणजे ४ च्या पटी २२ च, शेवटची ८८. संभाव्यता २२/९०, पावपेक्षा किंचित कमी. "म्हणजे ९० ला ज्याने निःशेष भाग जातो त्याचंच उत्तर सरळ येतं," ती म्हणाली. हे तिला कोणी सांगितलं नव्हतं.

इथे बाबा संभाषणात शिरले. बाबा एका सहकारी संस्थेत हिशेबनीस होते, निवृत्त होऊन बारा वर्षं झाली. नात शाळेत सगळं इंग्रजीत शिकते, मैत्रिणींशी गुजराती बोलते, पाढ्यांना 'घडिया' म्हणते, त्यामुळे तिच्या अभ्यासात आपला काही उपयोग नाही अशी त्यांनी समजूत करून घेतली होती. पण 'निःशेष' हा शब्द ऐकून ते पेपर बाजूला ठेवून उठले. "संख्येतल्या अंकांची बेरीज नवाच्या पटीत असली की संख्येला ९ ने भाग जातो, हे शिकवतात का अजून?" भाची म्हणाली, शिकवतात. "आणि का जातो, ते?" ते नव्हतं शिकवलं. निदान तिच्या लक्षात तरी नव्हतं.

बाबांनी पाकिटातून नोटा काढल्या. दहाच्या ७ नोटा आणि २ रुपये सुटे, म्हणजे ७२ रुपये. "हे नऊ जणांत वाट. दहाची एक नोट नऊ जणांत वाटली, प्रत्येकाला एक रुपया, उरला किती?" एक. "सात नोटांचे?" सात. "आणि हे सुटे दोन?" एकूण नऊ उरले, तेही नऊ जणांत वाटून संपले. "शंभराची नोट असती तर?" तिने क्षणभर विचार केला. प्रत्येकाला ११, उरला १. हजाराचं असेल तर प्रत्येकाला १११, उरला १. म्हणजे नोट कितीचीही असो, दर नोटेमागे एकच रुपया उरतो, आणि सगळे उरलेले रुपये एकत्र केले की तीच अंकांची बेरीज. तिघांत वाटायचं असेल तरी तेच. म्हणून ३ ची कसोटीही तीच.

२, ५ आणि १० साठी फक्त शेवटचा अंक का बघायचा, ४ साठी शेवटचे दोन का, हे मग तिने स्वतःच नोटा वाटून काढलं. दहाची नोट दोघांत किंवा पाच जणांत वाटली तर काहीच उरत नाही, शंभराची चौघांत वाटली तर काहीच उरत नाही. जे उरत नाही ते बघायचं कशाला?

पुढचे काही दिवस सोंगट्यांचेच गेले. २ किंवा ३ ने भाग जाण्याची संभाव्यता किती? ४५ अधिक ३० म्हणजे ७५ म्हणावं, तर ६ च्या पटी दोन्हीकडे मोजल्या जातात. त्या १५ एकदा वजा करायच्या, राहिल्या ६०. उत्तर २/३. मग ४ किंवा ६. इथे वजा काय करायचं, २४ च्या पटी? नाही. १२ ला ४ नेही भाग जातो आणि ६ नेही. म्हणजे लसावि घ्यायचा. १२ च्या पटी ७. २२ अधिक १५ वजा ७, बरोबर ३०. उत्तर १/३. लसावि नावाची गोष्ट परीक्षेबाहेर कुठे लागते, हे तिला त्या दिवशी पहिल्यांदा दिसलं.

एका रात्री मी तिला सोंगट्यांशिवाय प्रश्न घातला. १, २, ३, ४, ५ हे अंक एकेकदाच वापरून पाच अंकी संख्या बनवायची. अशा १२० संख्या होतात. त्यांतली कुठलीही एक उचलली, तर तिला ३ ने भाग जाण्याची संभाव्यता किती? तिने यादी करायला पेन उचललं आणि थांबली. अंकांची बेरीज कशीही मांडणी केली तरी १५ च. "सगळ्यांनाच जाणार! उत्तर १." आणि ९ ने? कुणालाच नाही, उत्तर ०. ५ ने? शेवटी ५ हवा, म्हणून १/५. ४ ने? शेवटचे दोन अंक १२, २४, ३२ किंवा ५२ हवेत, २० जोड्यांपैकी ४, म्हणजे पुन्हा १/५.

११ ने भाग जाण्याचा प्रश्न तिने उलट मलाच घातला आणि मी उत्तर देण्याआधी स्वतःच सोडवून टाकला. ११ साठी एकाआड एक अंकांच्या दोन बेरजा घ्यायच्या आणि त्यांचा फरक ० किंवा ११ च्या पटीत यायला हवा. दोन्ही बेरजा मिळून १५, विषम. म्हणून फरक ० येऊ शकत नाही. ११ यायचा तर एक बेरीज १३ आणि दुसरी २ हवी. पण दोन वेगळ्या अंकांची बेरीज कमीत कमी १ अधिक २, म्हणजे ३. दोन कशी होणार? उत्तर शून्य. १२० पैकी एकही संख्या लिहावी लागली नाही. ती खुर्चीत मागे टेकून म्हणाली, "मामा, हे लबाडीसारखं वाटतंय." चांगलं गणित सुरुवातीला तसंच वाटतं.

नाशिकजवळच्या देवळालीत शाळाशिक्षक असलेले दत्तात्रेय रामचंद्र कापरेकर (१९०५ ते १९८६) यांची गोष्टही त्याच सुमारास निघाली. ६१७४ हा त्यांचा स्थिरांक आज जगभर ओळखला जातो. ज्या संख्येला तिच्याच अंकांच्या बेरजेने भाग जातो, तिला त्यांनी 'हर्षद' म्हटलं, म्हणजे आनंद देणारी. उदाहरणार्थ ४२: चार अधिक दोन सहा, आणि ४२ ला ६ ने भाग जातो. मग हौजीची पहिली सोंगटी हर्षद निघण्याची संभाव्यता किती? याला आडवाट नाही, एकेक तपासावीच लागते. भाचीने सोंगट्यांचे दोन ढीग केले. हर्षद ३२ निघाल्या, ९० पैकी. यावेळी पुन्हा मोजलं तेव्हाही ३२ च.

पण माझ्या मनात राहून गेलेली संध्याकाळ बाबांच्या खतावणीची आहे. ते सांगत होते, वर्षअखेरीला तेरीज जुळायची नाही. जमा आणि नावे यांत फरक यायचा आणि रात्री दहा-दहापर्यंत बसून तो शोधावा लागायचा. अशा वेळी पहिली गोष्ट म्हणजे फरकाला ९ ने भाग जातो का ते बघायचं. जात असेल, तर कुठेतरी दोन अंकांची अदलाबदल झाली असावी. ५३८२ च्या जागी ५८३२ लिहिलं गेलं, तर फरक ४५०. चार अधिक पाच नऊ. कारण अंक जागा बदलतात, पण त्यांची बेरीज तीच राहते, म्हणून दोन्ही संख्यांची ९ ने भागल्यावरची बाकी सारखी आणि फरकात बाकी शून्य. दुसरी गोष्ट, फरक सम असेल तर त्याचा निम्मा आकडा वहीत शोधायचा. जमेची रक्कम नावे पडली की फरक त्या रकमेच्या दुप्पट येतो.

भाची बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, "पण आजोबा, समजा चूक भलतीच आहे. एखादी रक्कम लिहायचीच राहिली. तरी तिला ९ ने भाग जाऊ शकतो ना? नवातून एकदा तर जाणारच."

बाबांनी चष्मा काढला. बत्तीस वर्षं त्यांनी ही खूण वापरली, आणि ती किती वेळा हुलकावणी देते हे त्यांना अनुभवाने माहीत होतं. पण 'नवातून एकदा' हे असं कोणी मांडून दाखवलं नव्हतं. "बरोबर आहे," ते म्हणाले. "म्हणून ९ ने भाग गेला की शोध तिथून सुरू करायचा, संपवायचा नाही." आणि तिला ६८४ चा फरक घालून दिला. त्याला ९ ने भाग जातो, २ नेही जातो. आता अदलाबदल शोधणार की ३४२ शोधणार? दोघं वही घेऊन बसली ती साडेदहापर्यंत. नातीला आपला उपयोग नाही म्हणणारा माणूस दुसऱ्या दिवशी सकाळी मला विचारत होता, ती आज किती वाजता येणार.

मग माझ्या धंद्यातलं एक उदाहरण मीही पुढे केलं. पुस्तकाच्या मागे तेरा अंकी आयएसबीएन असतो. त्यातले अंक क्रमाने १ आणि ३ ने आळीपाळीने गुणून बेरीज केली, की तिला १० ने भाग गेलाच पाहिजे. शेवटचा अंक त्यासाठीच मुद्दाम निवडलेला असतो. एखादा अंक चुकला की भाग जात नाही आणि कॉम्प्युटर तो नंबर नाकारतो. कोणी मनाने तेरा अंक ठोकून दिले, तर ते खपण्याची संभाव्यता १/१०. शेजारच्या दोन अंकांची अदलाबदल झाली तर? बेरजेत पडणारा फरक त्या अंकांमधल्या अंतराच्या दुप्पट असतो. अंतर ५ असेल तर फरक १० चा, आणि चूक निसटते. दोन वेगळ्या अंकांच्या क्रमवार जोड्या ९०, त्यांत पाचाचं अंतर असलेल्या १०. सगळ्या जोड्या सारख्याच शक्य धरल्या तर पुन्हा १/९. "परत हौजी!" भाची म्हणाली. जुन्या पुस्तकांवरचा दहा अंकी नंबर मात्र ११ वर आधारलेला होता. तिथे शेजारच्या अंकांच्या अदलाबदलीने पडणारा फरक फार तर ९, त्याला ११ ने भाग जाणं शक्यच नाही. म्हणजे अशी एकही चूक सुटत नाही. भागायला कुठली संख्या निवडायची, यावर एवढं अवलंबून असतं.

ती कोटाच्या बटणाची गोष्टही भाचीनेच काढली. "मामा, ३७ ची संभाव्यता १/९० नाहीये. पिशवीत हात घातला की बटण बोटाला कळतं." आमच्या घरात वीस वर्षं हौजी खेळली जाते आणि हा मुद्दा कोणी काढला नव्हता. सगळ्या निष्पत्ती सारख्याच शक्य असतील तरच हे मोजून भागण्याचं गणित लागू पडतं. पुस्तकात ही अट एका ओळीत असते आणि आपण ती वाचून पुढे जातो. हिने ती हाताने चाचपून शोधली होती.

हे शिकलेलं तिने लगेच भावोजींवर चालवलं. त्यांना नव्या स्कूटरसाठी बेरीज ९ येणारा नंबर हवा होता आणि त्यासाठी चार पैसे जास्त मोजायचीही तयारी होती. तिने सांगितलं, ०००१ ते ९९९९ मध्ये असे नंबर बरोबर ११११ आहेत. आणि १ बेरजेचे, २ बेरजेचे, सगळ्यांचेच ११११. नऊवाला काही दुर्मीळ नाही, आपोआप येण्याची शक्यताही नवात एक. भावोजी म्हणाले, बघू काय येतो ते. बेरीज ४ चा आला. स्कूटर उत्तम चालते आहे.

गणपतीच्या थोडं आधी शाळेला कळवायची तारीख आली. त्या रात्री आम्ही कोणीच विषय काढला नाही. भाचीने कागदाच्या एका बाजूला तिला नीट येणारे धडे लिहिले, दुसऱ्या बाजूला न येणारे. न येणाऱ्यांत त्रिकोणमिती होती, वर्तुळाचे दोन प्रमेय होते, आणि वर्गसमीकरणांची शाब्दिक उदाहरणं. प्रत्येकापुढे नेमकं कुठे अडतं ते एकेका ओळीत लिहिलं होतं. मग ती म्हणाली, "स्टँडर्ड घेते. अजून पाच महिने आहेत." ताईने विचारलं, जमेल ना? त्यावर ती म्हणाली, "आई, ते सांगता येणार नाही. इथे सोंगट्या मोजून ठेवलेल्या नाहीत."

परीक्षा अजून व्हायची आहे. मार्क किती पडतील कोणास ठाऊक. त्रिकोणमितीने आम्हा दोघांना सध्या पुरतं जेरीस आणलं आहे आणि त्यात बाबांच्या नोटा कामाला येत नाहीत. पण 'मला गणित येत नाही' हे वाक्य सप्टेंबरपासून आमच्या घरात ऐकू आलेलं नाही. आता ती 'मला इथून पुढे येत नाही' म्हणते आणि बोट ठेवून ओळ दाखवते. तिथून पुढे शिकवता येतं.

मंडळाच्या पुढच्या कोजागरीला हौजी होईलच. पहिला नंबर पुकारण्याआधी आपल्या मुलांना, नातवंडांना एवढंच विचारा: येणाऱ्या नंबराला ७ ने भाग जाण्याची शक्यता किती? आणि २ किंवा ५ ने? पहिल्याचं उत्तर ९० पैकी १२ आणि दुसऱ्याचं ९० पैकी ५४. मुलं कशी मोजतात ते शेजारी बसून बघा, मधे बोलू नका. आणि घरात जुने हिशेबनीस, दुकानदार किंवा शिक्षक असलेले आजी-आजोबा असतील, तर त्यांना त्या टेबलाशी बोलवायला विसरू नका. त्यांच्याकडच्या युक्त्या पुस्तकात सापडत नाहीत आणि त्या विचारायला फार वर्षं थांबता येत नाही.